घटकेबाईंचा जमाखर्च

घटकेबाई कधी जन्मल्याच नाहीत, हे आधीच सांगून टाकते. शनिवार पेठेत त्यांचा वाडा शोधायला जाऊ नका आणि भारत इतिहास संशोधक मंडळात त्यांचा कागद मागू नका. त्या आमच्या खेळातल्या. सहकारनगरात माझ्या मावसभावाच्या घरी आम्ही काही जण शनिवारी संध्याकाळी जमतो, फासे टाकतो आणि गोष्ट रचतो. प्रत्येकाने एकेक भूमिका घ्यायची, सूत्रधाराने प्रसंग उभा करायचा, आणि पुढे काय घडते ते थोडे आपल्या अकलेवर, थोडे फाशांवर. चाळिशी ओलांडलेल्या माणसांना हे शोभते का, याबद्दल माझ्या सासूबाईंचे एक मत आहे. पण त्या स्वतः रात्री आठ ते दहा मालिकेतल्या सुनांची काळजी वाहत असतात, त्यामुळे आमचे कधी वाजत नाही.

सूत्रधाराला इतिहासाचे वेड. त्याने जाहीर केले की या खेपेचे पुणे पेशवाईतले, फक्त त्यात जादू चालते. मी म्हटले, मला काळाची जादू येणारी बाई हवी. शास्त्र शिकलेली आणि हाताने यंत्रे करणारी. दादाने लगेच विचारले, "म्हणजे काळ थांबवणारी?" मला ते नको होते. लांब दाढी, उंच टोपी, हातात काठी असला मांत्रिक तर डोळ्यांसमोर येईनाच. काळाशी घसट असलेला माणूस म्हटले की मला आठवतात ते लग्नातले गुरुजी. समोर पंचांग, तोंडाने मंगलाष्टके, आणि वाजंत्रीवाल्यांना खूण करायची म्हणून एक डोळा सतत मनगटावरच्या घड्याळावर. सगळ्या मांडवात त्या क्षणाची जबाबदारी एकट्याच्या डोक्यावर असते, आणि लग्नाच्या अल्बममध्ये ते अर्धवट कापले गेलेले असतात.

तर घटकेबाई तशा. खरे नाव काय, ते आम्ही ठरवलेच नाही. घटिकापात्र, म्हणजे पाण्यावर सोडून वेळ मोजायची बुडाशी भोक असलेली वाटी, सांभाळायच्या म्हणून घटकेबाई.

नियम ठरवताना दोन शनिवारांची खडाजंगी झाली. मोजमाप जुनेच घेतले. अहोरात्राच्या ६० घटका, घटकेची ६० पळे, पळाची ६० विपळे. आपल्या घड्याळात घटका २४ मिनिटांची आणि पळ २४ सेकंदांचे. घटकेबाईंना पळ निर्माण करता येणार नाही, फक्त एकाकडून घेऊन दुसऱ्याला देता येईल. देणाऱ्याची राजीखुशी हवी. दोघेही हाकेच्या अंतरावर हवेत. देणारा कोणी मिळाला नाही तर बाईंनी ते स्वतःच्या आयुष्यातून द्यायचे, आणि प्रत्येक पळ वहीत उतरवायचे, डावीकडे जमा, उजवीकडे नावे. व्याज नाही. सदाशिव पेठेत बिनव्याजी उधारी, ही खरी जादू आहे, असे वहिनी म्हणाली.

हाकेच्या अंतराचा नियम सूत्रधाराने हट्टाने घातला आणि त्यामागे कारण होते. मराठी माणसाच्या हातात काळ दिला की तो थेट पानिपतावर जातो. १४ जानेवारी १७६१, भाऊसाहेब, विश्वासराव, "दोन मोत्ये गळाली", सगळे सुरू होते. आणि खरेच, दादाने पहिल्याच शनिवारी विचारले की चार पळे दत्ताजीला देता येतील का. सूत्रधार म्हणाला, "हाक मारून बघ, बुराडी घाटापर्यंत पोचते का." विषय मिटला. मला तेव्हा वाटले होते की या नियमाने घटकेबाई फार लहान होतील. उलट झाले. इतिहास बदलायची सोय नसल्यामुळे त्यांना शेजाऱ्यापाजाऱ्यांकडे बघावे लागले. त्यांच्या वहीतल्या नोंदी अशा: तिसऱ्या घरातल्या बाळंतिणीस पळे १२, सुईण पोचेतो. पाणक्यास पळे २, घागर निसटली तेव्हा. भांडणाऱ्या दोघा भावांस पळे ५, बोलण्याआधी. या शेवटच्या नोंदीपुढे बाईंनी खूण केली आहे: फुकट गेली.

त्यांचे आयुष्य आम्ही असे रचले. अठराव्या शतकाच्या मध्याचा जन्म, म्हणजे नानासाहेब पेशव्यांनी कात्रजचे पाणी पुण्यात आणले तो काळ. वडील जोशी, लग्नामुंजींत घटका लावणारे. ही पोर त्यांच्यामागून तांब्याचे पात्र आणि पाण्याचे घंगाळ घेऊन हिंडायची. सूर्याचे बिंब अर्धे वर आले की पात्र पाण्यावर सोडायचे, बुडाले की उचलून पुन्हा सोडायचे, आणि किती वेळा बुडाले ते भिंतीवर कुंकवाच्या बोटांनी मांडत जायचे. मुहूर्त सूर्योदयापासून अमुक घटका, तमुक पळे असा काढलेला. तो गाठायचा म्हणजे सकाळपासून कोणीतरी त्या पात्रापुढून हलायचे नाही. वडिलांना पुढे दिसेनासे झाले, तशी पात्राकडे तीच बघू लागली आणि तेच "भरली हो" म्हणून सांगू लागले. इथपर्यंत मी रचलेले.

पुढचे वहिनीने घातले, आणि ते ऐकून आम्ही सगळेच गप्प झालो. ती म्हणाली, "पेशवाईतली बाई ना? मग तिला विधवा कर. आणि मग सांग, ती लग्नात घटका कशी लावते."

बरोबर होते तिचे. आलवण नेसलेली, केशवपन झालेली बाई मंगलकार्यात समोर येऊच शकत नव्हती. मुहूर्त तिच्याइतका बिनचूक पुण्यात कोणाला साधत नाही आणि मुहूर्ताच्या वेळी तिचे तोंड दिसले तर अपशकुन! पहिल्यांदा मी चिडून म्हटले, हा भाग गाळू या, जादूच्या पुण्यात एवढी सवलत असू दे. वहिनी शाळेत इतिहास शिकवते. ती म्हणाली, "गाळलंस तर तुझ्या बाईंनी यंत्र कशासाठी केलं ते कोणाला कळणारच नाही."

यंत्राचा जन्म असा शकुन-अपशकुनातून झाला. मांडवाशेजारच्या खोलीत घटकेबाई, मध्ये भिंत. भिंतीला भोक, भोकातून दोरी, दोरीच्या त्या टोकाला मांडवात घंटा. पात्र बुडाले की दोरी ओढली जाते, खिट्टी सुटते, वजन खाली येते आणि घंटेवर टोला पडतो. सांगायला सोपे, पण दादा यंत्र अभियंता आहे आणि त्याला खेळातही काही खोटे चालत नाही. दोरी पहिल्यापासून ताणलेली असली तर पात्र उचलून धरले जाईल आणि घटका लांबेल. म्हणून दोरी शेवटच्या बोटभर बुडण्यापर्यंत सैलच हवी. पाण्यात बुडालेल्या वाटीचे वजन असे किती? तेवढ्या ओढीने सुटायची तर खिट्टी मेण लावून गुळगुळीत केलेली हवी. हे त्याने आलेखाच्या कागदावर काढून दिले. तो कागद अजून आमच्या खेळाच्या पेटीत आहे, त्याच्यावर चहाच्या कपाचे एक वर्तुळही आहे.

एवढे झाल्यावर खरे घटिकापात्र बघितल्याशिवाय राहवेना. दादा आणि मी कसब्यातल्या तांबट आळीत गेलो. तिथे अजून काही घरांतून तांब्यावरच्या ठोक्यांचा आवाज येतो. बोलायला सुरुवात करायची तर दोन ठोक्यांच्या मधली फट शोधावी लागते. आम्हाला हवी होती उभ्या भिंतीची, पातळ पत्र्याची वाटी आणि तिच्या बुडाशी केसाएवढे भोक. कारागिरांनी वाटीला भोक पाडून मागणारी गिऱ्हाइके बहुधा पाहिली नसावीत. "गळकी भांडी नीट करायला आणतात लोक," ते म्हणाले आणि त्यांनी ते पाडून दिले.

घरी येऊन पिंपात पाणी घेतले आणि वाटी सोडली. मला वाटले होते, बुडातून पाणी झिरपत येईल. तसे होत नाही. भोकातून एक बारीक धार आतल्या आत वर उसळते, करंगळीच्या नखाएवढी, आणि वाटीत पाण्याचा थर चढू लागला की ती त्याच्याखाली झाकली जाते. मग पृष्ठभागावर नुसता एक फुगवटा थरथरत राहतो. वाटी खाली जाते ती इतकी सावकाश की बघणाऱ्याला जाणवत नाही. काठ पाण्याशी एकसारखा आला की क्षणभर पाणी काठावर फुगून थांबते, आणि मग एका बाजूने आत येते. डुबुक्, आणि तळाशी तांब्याचा ठण्.

आमची घटका घटकेच्या बरीच आधी भरायची. भोक मोठे झाले होते. ते मोठे करणे सोपे. लहान करायचे तर तांबटाकडे परत जाऊन भोकाभोवती हलक्या हाताने ठोकून घ्यावे लागते, म्हणजे पत्रा पसरून फट आवळते. जुन्या ग्रंथांत भोकासाठी सोन्याची चार अंगुळे लांब सुई का सांगितली आहे, ते तेव्हा समजले. ठराविक वजनाचे सोने ठराविक लांबीचे ओढले की त्याची जाडी आपोआप ठरते. माप पोथीत लिहून दुसऱ्या गावी पाठवता येते.

आणखी एक गोष्ट दादाने दाखवली, आणि माझ्या मते या सगळ्या उद्योगातली सर्वांत सुंदर ती. भोक असलेल्या माठातून पाणी गळू लागले की माठ रिकामा होत जातो तशी धार मंदावते, कारण वरचा दाब कमी होतो. म्हणून गळत्या माठाचे घड्याळ सुरुवातीला पळते आणि नंतर रेंगाळते. तरंगत्या वाटीचे तसे नाही. उभ्या भिंतीच्या वाटीत आतल्या आणि बाहेरच्या पाण्याच्या पातळीतला फरक वाटीच्या वजनावर ठरतो आणि वजन तर बदलत नाही. वाटी जेवढी भरते तेवढीच खाली बसते. फरक शेवटपर्यंत तोच, म्हणून धारही तीच. कोणी हात न लावता ती स्वतःला सांभाळते. फक्त पाणी गार असले तर धार जरा जड होते आणि कचरा आला तर सगळेच थांबते. घटकेबाईंनी पाणी फडक्यातून गाळून घ्यायचा जो दंडक खेळात घातला तो इथून आला.

कचरा म्हटल्यावर लीलावती आलीच. गोष्ट सर्वांना माहीत आहे. भास्कराचार्यांनी मुलीच्या लग्नाचा एकमेव मुहूर्त काढला, घटिकापात्र लावले, मुलगी कुतूहलाने वाकून बघू लागली, तिच्या अंगावरचा मोती पात्रात पडला, भोक बुजले, मुहूर्त टळला. मग वडिलांनी तिच्या नावाने गणिताचा ग्रंथ लिहिला. ग्रंथ ११५० चा. ही गोष्ट मात्र अकबराच्या दरबारातल्या फैजीने १५८७ मध्ये केलेल्या फारसी भाषांतरातून पसरली, म्हणजे मधे चारशेहून अधिक वर्षे गेली. मला ती लहानपणापासून आवडत नाही. सांगणारे नेहमी नियतीवर येतात किंवा पोरीच्या अवखळपणावर. एका शनिवारी सूत्रधाराने घटकेबाईंपुढे एक पंडित आणून बसवला आणि त्याच्या तोंडून ही गोष्ट वदवली. मी घटकेबाईंच्या वतीने एवढेच विचारले, "पात्राजवळ बसलं कोण होतं?"

पंडिताला उत्तर सुचेना, म्हणजे सूत्रधाराला सुचेना. एवढा एकच मुहूर्त, आणि पात्रापाशी राखण नाही? दुसरे पात्र नाही? सावलीचा शंकू नाही? हा दोष मोत्याचा नाही, मुलीचा तर नाहीच. आणि म्हणूनच गोष्ट मला खरी वाटत नाही. सिद्धान्तशिरोमणीत यंत्राध्याय लिहिणारा माणूस, वाकड्या आऱ्यांत पारा भरून आपोआप फिरणाऱ्या चाकाची कल्पना मांडणारा, आणि सगळी यंत्रे सांगून झाल्यावर बुद्धी हेच थोर यंत्र असे म्हणणारा माणूस स्वतःच्या लेकीच्या लग्नात पात्र असे बेवारशी सोडेल, हे मनाला पटत नाही. त्यांचे मागे राहिलेले काम बघायचे तर चाळीसगावजवळ पाटणला बघावे. नातू चांगदेव याने आजोबांचे ग्रंथ शिकवण्यासाठी तिथे मठ काढला, त्याचा १२०७ चा शिलालेख आहे. पाऱ्याचे चाक काही कोणी चालवून दाखवले नाही. चालला तो अभ्यास, कारण दरवर्षी कोणीतरी येऊन पाटीपुढे बसत असणार.

घटकेबाईंच्या निमित्ताने असे बसणारे मला जिकडेतिकडे दिसू लागले. पुण्यातच किती! केरोपंत छत्रे कॉलेजात शिकवता शिकवता ग्रहांची कोष्टके करत होते. १८६० मध्ये ती छापली. जुन्या पंचांगातला ग्रह आकाशात सांगितल्या जागी सापडेनासा झाला होता आणि तो पुन्हा सापडावा, एवढ्यासाठी हा खटाटोप. त्यांच्या हाताखाली शिकलेले लोकमान्य टिळक पुढे पंचांगशुद्धीच्या वादात उतरले, त्या वादाची शेपूट अजून वळवळते. टिळक पंचांग मानणाऱ्या घरांत काही वर्षी अधिक महिना वेगळा येतो आणि त्यांचे गणपती महिन्याच्या फरकाने बसतात. शंकर बाळकृष्ण दीक्षित शाळामास्तर होते. त्यांनी 'भारतीय ज्योतिषशास्त्र' मराठीत लिहिले, १८९६ मध्ये ते निघाले आणि दोन वर्षांत दीक्षित गेले, पंचेचाळिशीच्या आसपास. त्यांच्या पुस्तकातून चाळत चाळत मी घटकेबाईंच्या तोंडची निम्मी विद्या उचलली आहे.

आणि १ जानेवारी १९०६ ला तर सगळ्या देशाचे घड्याळ एक झाले. ८२.५ अंश रेखांशावरची वेळ सर्वांची. पुणे त्या रेषेच्या पश्चिमेला साडेआठ अंशांहून जास्त, म्हणजे आपल्या डोक्यावर सूर्य येतो तेव्हा मनगटावर साधारण साडेबारा वाजून गेलेले असतात. मुंबईने बरेच दिवस ऐकले नाही, महापालिकेची घड्याळे पुढे कित्येक दशके मुंबईचीच वेळ दाखवत होती. पुण्याची आणि मुंबईची सूर्यवेळ सुमारे चार मिनिटांनी वेगळी, हे घाटावरच्या कुठल्याही भांडणात वापरायला हरकत नाही. सूत्रधाराने एकदा खेळ पुढे सरकवून घटकेबाईंच्या भुताला या दिवशी पुण्यात आणले होते. फासे वाईट पडले, भूत कोणाला दिसलेच नाही. पण मी विचारून ठेवले होते की ती एक घटका आणि वरची पळे कोणाच्या खाती जमा झाली? अजून उत्तर आलेले नाही.

आता हेच काम पुण्याच्या उत्तरेला खोडदला चालते. नारायणगावजवळ शेतांत रेडिओ दुर्बिणीच्या ४५ मीटर व्यासाच्या ३० तबकड्या उभ्या आहेत, तारेच्या जाळीच्या. गोविंद स्वरूप यांचे हे काम. त्यांतून जे पल्सार ऐकतात, ते तारे सेकंदाला शेकडो गिरक्या घेतात आणि त्यांचे ठोके पुढे कधी येणार ते सांगता येते. ठोका सांगितल्या वेळेच्या किंचित आधी किंवा नंतर आला तर मधल्या अवकाशात काहीतरी हलले. जून २०२३ मध्ये जगातल्या अनेक गटांनी मिळून अतिशय मंद गुरुत्वलहरींच्या खुणा जाहीर केल्या, त्यांत खोडदच्या नोंदी होत्या. वर्षानुवर्षे ठोके टिपत राहायचे, आणि ते सगळे एका रेषेत न बसणे हीच बातमी. दादा म्हणतो, हे घटकेबाईंना पहिल्या दिवसापासून पटले असते.

जयंत नारळीकर पुण्याला आले ते आयुका ही खगोलशास्त्राची संस्था उभी करायला, १९८८ च्या सुमारास. त्याआधीची, १९७४ ची गंमत मला घटकेबाईंमुळे वेगळी दिसते. मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेत त्यांनी विज्ञानकथा पाठवली ती नारायण विनायक जगताप या नावाने. आपल्या आद्याक्षरांची ओळ उलटी फिरवली, अक्षर ओळखू येऊ नये म्हणून पत्नी मंगलाताईंकडून लिहून घेतली, आणि बक्षीस जगतापांना मिळाले. म्हणजे मराठीतही काळ-अवकाशाचा एक कल्पित अभ्यासक होऊन गेला, आणि त्याच्या पडद्याआड एक माणूस बसला होता. दोन म्हटली पाहिजेत, कारण हस्ताक्षर एकीचे होते.

माझा पोटापाण्याचा धंदा सॉफ्टवेअरचा. रात्री सर्व्हर नीट चालला तर सकाळी कोणी विचारत नाही की काल रात्री कोण जागे होते. फोनवरच्या नकाशात आपला निळा ठिपका नेमका गल्लीत उभा राहतो, त्यासाठी उपग्रहावरची घड्याळे जमिनीवरच्यापेक्षा रोज सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात हे कोणीतरी हिशेबात धरलेले असते. ते धरले नाही तर ठिपका दिवसभरात काही किलोमीटर भरकटेल. धरले आहे, म्हणून पार्सलवाला दारात येतो आणि आपण त्याला म्हणतो, दहा मिनिटे उशीर झाला.

हे सगळे सांगितले ते घटकेबाई कशा गेल्या ते सांगता यावे म्हणून.

सूत्रधाराच्या मनात भव्य शेवट होता. २७ फेब्रुवारी १८२८ ला शनिवारवाड्याला आग लागली, ती अनेक दिवस धुमसत होती. त्या आगीत अडकलेल्यांना उरलेली सगळी पळे वाटून बाईंनी देह ठेवायचा, असे त्याने योजले होते. त्यासाठी त्याने नकाशासुद्धा काढला होता, दिल्ली दरवाजा, नगारखाना, कारंजे, सगळे जागच्या जागी. पण त्याच्या आदल्या शनिवारी एक साधे लग्न होते खेळात, वाटेवरचे, पाच मिनिटांत उरकायचे. म्हाताऱ्या माणसाने सकाळपासून बसायचे म्हणून मी रीतीप्रमाणे तब्येतीचा फासा टाकला. एक पडला. सूत्रधार म्हणाला, परत टाक. मी टाकला. पुन्हा एक.

आमच्याकडे दोनदा एक पडला की माणूस जातो. तो नियम दादाने केलेला.

तर घटकेबाईंची घटका भरली ती भिंतीला टेकून, पात्र पाण्यावर असताना. खोलीत दुसरे कोणी नाही. पण पाणी गाळलेले होते, दोरी सैल होती, खिट्टीला मेण होते. पात्र बुडाले, घंटा वाजली, पलीकडे अंतरपाट दूर झाला, अक्षता पडल्या, वाजंत्री सुरू झाली. मुहूर्त एका विपळानेही चुकला नाही. पंगती उठल्यावर कोणीतरी भांडी गोळा करायला गेले तेव्हा कळले.

दादाला हा शेवट फार आवडला. "याहून मोठं काय असतं?" तो म्हणाला. "कर्ता नसताना यंत्राने काम चोख केलं." अभियंत्याच्या दृष्टीने बरोबरच आहे ते, आणि मी नोकरीत रोज त्याच गोष्टीसाठी धडपडते. पण मला त्या रात्री झोप लागली नाही. बाईंनी भिंतीला भोक पाडले ते लोकांनी त्यांना आत येऊ दिले नाही म्हणून. यंत्र इतके चांगले जमले की पुढे त्या आत आहेत की नाहीत, हेही कोणाला विचारावे लागले नाही. हा विजय मानायचा तर कोणाचा?

पुढच्या शनिवारी आम्ही वही उघडली. खेळातली वही, म्हणजे माझ्या हातची, शंभर पानी. जमेची बाजू आणि नावेची बाजू लावून बघितली. बाईंनी स्वतःच्या आयुष्यातून दिलेली पळे पानोपानी होती, परतफेड मोजकी. पाणक्याने दोन्ही पळे फेडली होती, आणि बाळंतिणीच्या १२ पुढे बाईंनीच "परत नको" असे लिहिले होते. सूत्रधाराने निवाडा दिला की धनको मेल्यावर उधारी बुडाली. वहिनी उसळली. तिच्या मते वारस असतो, आणि नसला तर नेमता येतो. अर्धा तास नुसता वारसाहक्कावर वाद झाला, दादाने मधेच बटाटेवडे मागवले, आणि शेवटी असे ठरले की वहिनी नवी भूमिका घेईल: घटकेबाईंकडे पाणी गाळायला येणारी परकरी पोर. वही तिच्याकडे, पात्र तिच्याकडे, भिंतीपलीकडची खोलीही तिच्याकडे.

या पोरीने आल्या आल्या पहिली गोष्ट केली ती यंत्राला हात घालण्याची. भिंतीला दुसरे भोक, दुसरी दोरी. ही उलट्या दिशेची. मांडवात घंटा वाजली की तिथल्या कोणीतरी ही दोरी ओढायची आणि खोलीत एक छोटी घंटी वाजायची, ऐकले म्हणून. घंटी वाजली नाही तर पोरीने समजायचे की पलीकडे काही बिनसले. आणि मांडवातल्याने दोरी ओढल्यावर पोरीने खाकरायचे. ते ऐकू आले नाही तर त्याने उठून खोलीत जायचे. आमच्या धंद्यात हे रोजचे आहे, निरोप पोचल्याची पोच घेतल्याशिवाय पुढे जायचे नाही. दादा कुरकुरला. मुहूर्ताला याची गरज काय, यंत्रात उगाच एक भाग वाढला, आणि जितके भाग जास्त तितक्या बिघडायच्या जागा जास्त. तरी त्याने कागद ओढून आकृती काढायला घेतली.

अडले ते वेगळ्याच ठिकाणी. दुसरी दोरी मांडवात कोणी ओढायची? गुरुजींचे हात अक्षतांत अडकलेले. मामा अंतरपाट धरून उभे. वरमाय रुसलेली. वाजंत्रीवाल्यांना मांडवात कोणी येऊ देत नाही. सूत्रधाराने एकेक नाव घेतले आणि एकेक खोडले.

"नवरी ओढेल," वहिनी म्हणाली.

"अगं, त्या काळातली नवरी. नऊ वर्षांची असेल ती."

"मग तर तिनेच."